गोठ्यावरचं काम: नव्या पशुवैद्यासाठी, पहिल्या फोनपासून बूट धुण्यापर्यंत

शिक्षण संपवून ग्रामीण भागात कामाला लागलेल्या पशुवैद्याला आजारांची माहिती असते. तरी सुरुवातीच्या महिन्यांत हातून चुका होतात, कारण गोठ्यावर घाई असते. जनावर त्रासात, मालक काळजीत, भोवती चार माणसं उभी आणि "आधी एक इंजेक्शन तर द्या" असा आग्रह. त्या गडबडीत तपासणीचा क्रम सुटतो. मग कासेला हात न लावताच कॅल्शियमची बाटली लागते, पहिलं वासरू बाहेर आल्याच्या आनंदात दुसरं आत राहून जातं, शेळीला अंदाजाने दिलेली भूल जास्त होते. पुढे जे लिहिलं आहे ते या क्रमाबद्दल आहे. मात्रा साधारण प्रौढ जनावराच्या आहेत. औषधासोबतची माहितीपत्रिका वेगळं सांगत असेल तर तीच पाळा.

फोनवर काय विचारायचं

मालक बहुधा रोगाचं नाव सांगतो. ते ऐकून घ्या, पण लक्षणं स्वतंत्रपणे विचारा: जनावर कोणतं, वय किती, गाभण आहे का, व्यालं असेल तर कधी. उभं राहतं का, खातं का, रवंथ करतं का, शेण-मूत्र कधी झालं. दावणीतलं आणखी कुणी आजारी आहे का. आणि शेवटचा प्रश्न, जो सर्वांत जास्त विसरला जातो: आतापर्यंत काय काय दिलं? तेल पाजलं असेल, कुणी आधी इंजेक्शन दिलं असेल, तर ते निघण्याआधी कळलेलं बरं.

अडलेलं वेत, बाहेर आलेलं मायांग (योनी किंवा गर्भाशय), झपाट्याने वाढणारी पोटफुगी, व्याल्यावर आडवी पडलेली गाय, न थांबणारा रक्तस्राव आणि घोड्याची पोटदुखी यांना लगेच निघावं लागतं. पोहोचेपर्यंत काय करायचं तेही फोनवरच सांगा. मायांग बाहेर असेल तर ते स्वच्छ ओल्या चादरीत गुंडाळून ठेवायचं आणि जनावराला चालवायचं नाही. आडवी पडलेली गाय छातीवर बसती करून पाठीमागे गवताच्या पेंढ्यांचा टेकू द्यायचा, आणि तोंडाने काहीही पाजायचं नाही. अशा गायीला नीट गिळता येत नाही. पाजलेलं औषध फुफ्फुसात गेलं की वाचलेली गाय चार दिवसांनी न्यूमोनियाने जाते.

तातडीचं काही नसेल तर दिवसाच्या फेरीचा क्रम संसर्गाच्या हिशोबाने लावा. निरोगी जनावरांचं लसीकरण आणि लहान वासरं सकाळी, गाभण तपासणी त्यानंतर, हगवणीचे आणि गर्भपाताचे गोठे शेवटी. लाळ्या-खुरकुताचा संशय असलेल्या गोठ्यावरून त्याच कपड्यांत दुसऱ्या गोठ्यावर जायचं नाही.

पेटी

यादी प्रत्येकाची थोडी वेगळी असते. पण दोन थर्मामीटर, स्टेथोस्कोप, खांद्यापर्यंतचे हातमोजे, तोंड उघडं ठेवण्याचा गॅग, पोटात घालायची नळी, ट्रोकार (पोट टोचून वायू काढायचं नळीदार अवजार), वेताचे दोर किंवा साखळ्या, १४ ते १८ गेजच्या सुया आणि भरपूर वंगण यांशिवाय निघू नका. वंगण किती लागतं याचा अंदाज नव्या माणसाचा नेहमी कमी पडतो. अडलेल्या एका वेतात काही लिटर सहज संपतं. पॉलिइथिलीन पावडरीपासून केलेलं वंगण वापरत असाल तर एक धोका माहीत हवा: गर्भाशय फाटून किंवा सिझेरियनच्या वेळी ते पोटाच्या पोकळीत गेलं तर जनावर दगावू शकतं. सिझेरियनची थोडीही शक्यता वाटली की कार्बोक्सिमिथाइल सेल्युलोजचं वंगण घ्या.

लसी २ ते ८ अंश सेल्सियसमध्ये ठेवायच्या. बर्फाला चिकटून गोठलेली लस उन्हात तापलेल्या लसीइतकीच निकामी समजा. विशेषतः अ‍ॅल्युमिनियमचं क्षार असलेली लस एकदा गोठली की तिची ताकद परत येत नाही.

तपासणी

आधी लांबून बघा. दावं सोडायला किंवा हात लावायला गेलं की श्वास आणि नाडी दोन्ही वाढतात, म्हणून श्वास दुरूनच मोजायचे. जनावर कसं उभं आहे, पाठ कमानदार आहे का, कोणता पाय उचलून धरलाय, डाव्या आणि उजव्या भकाळीची (बरगड्यांमागच्या खोलगट भागाची) ठेवण कशी आहे, खाली पडलेलं शेण कसं आहे, हे दोन मिनिटांत दिसतं. मग जवळ जा आणि दर वेळी एकाच क्रमाने करा: शेपटीकडून सुरुवात, डावी बाजू, डोकं, उजवी बाजू, शेवटी कास.

ताप आधी घ्या, कारण गुदद्वारातून हात घातल्यानंतर आत हवा जाते आणि आकडा खोटा येतो. गायीचा साधारण ३८ ते ३९.३ अंश सेल्सियस, शेळ्या-मेंढ्यांचा त्याहून किंचित जास्त, घोड्याचा ३७.५ ते ३८.५. उन्हातून आणलेल्या जनावराला अर्धा तास सावलीत उभं करून पुन्हा घ्या. नाडी शेपटीच्या खालच्या बाजूला, मुळापासून वीतभर अंतरावर लागते: गायीची मिनिटाला ६० ते ८०, घोड्याची २८ ते ४०. शांत उभ्या गायीची नाडी १०० च्या वर असेल तर "किरकोळ आहे" असं कुणी म्हणालं तरी विश्वास ठेवू नका.

डाव्या भकाळीवर मूठ दाबून धरा आणि घड्याळ लावा. निरोगी गायीत दोन मिनिटांत दोन ते तीन वेळा पोटाची लाट मुठीला वर ढकलते. मग स्टेथोस्कोप शेवटच्या चार-पाच बरगड्यांवर ठेवून बाजूला बोटाने टिचकी मारत जा. धातूच्या भांड्यावर मारल्यासारखा घुमणारा आवाज डावीकडे आला तर चौथं पोट सरकलं असण्याची शक्यता मोठी. तोच आवाज उजवीकडे मोठ्या भागावर आला आणि गाय ढासळत चालली असेल तर पीळ पडला असू शकतो, आणि मग वाट बघायला वेळ नसतो.

तार किंवा खिळा गिळल्याचा संशय असेल तर खांद्यामागची पाठ दोन्ही हातांनी घट्ट चिमटा. निरोगी गाय पाठ खाली दबवते. पोटात टोचत असेल तर ती पाठ वाकवत नाही, कण्हते. हे कण्हणं हळू असतं. एकाने चिमटा घ्यावा आणि दुसऱ्याने श्वासनळीवर स्टेथोस्कोप धरून ऐकावं.

पापणी खाली ओढून आतला रंग, मानेची कातडी चिमटून ती किती वेळ उभी राहते, कान गरम की गार, हे सगळं मिळून फार तर दहा मिनिटं लागतात. कासेचे चारही सड पिळून बघितल्याशिवाय दुधाळ जनावराची तपासणी संपली असं म्हणायचं नाही. औषधाची पेटी त्यानंतर उघडा.

वजन, मात्रा आणि सुई

नजरेने केलेला वजनाचा अंदाज शंभर किलोनेही चुकतो. फीत ठेवा. पुढच्या पायांच्या लगेच मागे छातीचा घेर सेंटिमीटरमध्ये मोजा, खांद्याच्या टोकापासून ढुंगणाच्या हाडापर्यंत लांबी मोजा, घेराचा वर्ग गुणिले लांबी करून १०,८४० ने भागा. घेर १७० आणि लांबी १४० असेल तर वजन सुमारे ३७३ किलो येतं.

दोन औषधांत अंदाज जिवावर बेततो. पहिलं झायलाझिन, म्हणजे गुंगीचं औषध. घोड्याच्या मात्रेच्या दहाव्या भागात गाय गुंगते. गायीला स्नायूत किलोला ०.०५ ते ०.१ मिलिग्रॅम पुरतं. गाभणपणाच्या शेवटच्या टप्प्यात ते टाळा. दुसरं लिग्नोकेन, म्हणजे जागा बधिर करणारं औषध, आणि तेही शेळ्या-मेंढ्यांत. किलोला ५ मिलिग्रॅम ही वरची मर्यादा समजा. २ टक्के द्रावणाच्या एका मिलीत २० मिलिग्रॅम असतं, म्हणजे ३० किलोच्या शेळीला एकूण ७.५ मिली आणि ५ किलोच्या करडाला जेमतेम १.२५ मिली. शिंगाची कळी जाळताना दोन्ही बाजूंना सहज दोन-दोन मिली टोचली जातात आणि करडू झटके येऊन मरतं. द्रावण निर्जंतुक पाण्याने अर्धं पातळ करून घेतलं तर तेवढ्याच औषधात सगळी जागा बधिर करता येते.

स्नायूतलं इंजेक्शन मानेत द्या, मांडीत किंवा पुठ्ठ्यात नको. तिथे मज्जातंतूला इजा होऊन पाय लुळा पडू शकतो आणि गळू झालं तर खोलवर लपून राहतं. एका जागी १० मिलीपेक्षा जास्त घालू नका. सुई आत गेल्यावर दांडा थोडा मागे ओढा. रक्त आलं तर जागा बदला, विशेषतः प्रोकेन पेनिसिलिन भरलं असेल तेव्हा: ते शिरेत गेलं की जनावर काही सेकंदांत कोसळू शकतं.

व्याल्यावर बसलेली गाय

तिसऱ्या किंवा पुढच्या वेताची, भरपूर दूध देणारी गाय व्याल्यापासून दोन-तीन दिवसांत खाली बसली, मान एका बाजूला वळवून कुशीवर टेकली, कान गार, नाकपुडी कोरडी, अंगाचं तापमान उतरलेलं, शेण थांबलेलं, तर दुग्धज्वर हा पहिला अंदाज. नावात ज्वर असला तरी ताप नसतो. चिकात अचानक कॅल्शियम जायला लागतं, हाडांतून ते तितक्या लवकर सुटत नाही, आणि स्नायू ढिले पडतात.

बाटली लावण्याआधी चार गोष्टी बघून घ्या. कास: पाण्यासारखं पिवळसर दूध येत असेल तर ही विषारी कासदाहाची गाय आहे आणि तिच्या आजारी हृदयावर भराभर सोडलेलं कॅल्शियम तिला मारू शकतं. योनिमार्ग: फाटलाय का, आत दुसरं वासरू आहे का. मागचे पाय आणि खुबा: घसरून पडली होती का. आणि कुणी आधीच कॅल्शियम दिलंय का.

प्रौढ गायीला ८ ते १२ ग्रॅम कॅल्शियम लागतं. २३ टक्के बोरोग्लुकोनेटच्या ५०० मिलीत ते सुमारे १०.७ ग्रॅम असतं. बाटल्या वेगवेगळ्या ताकदीच्या मिळतात, म्हणून मिलीवर न जाता ग्रॅमचा हिशोब करा. बाटली कोमट पाण्यात अंगाच्या तापमानापर्यंत आणा. मानेच्या शिरेत १४ गेजची सुई पूर्ण आत आहे याची खात्री करा. बाहेर सांडलेलं द्रावण शिरेभोवती सूज आणतं. वेग मिनिटाला साधारण १ ग्रॅम, म्हणजे बाटली दहा ते पंधरा मिनिटं चालली पाहिजे. एका हातात बाटली, कानात स्टेथोस्कोप. बाटली लावली तेव्हापेक्षा ठोके जोरकस झाले तर चांगलं. अडखळायला लागले किंवा फार मंदावले की बाटली ताबडतोब खाली करा, लय सुधारेपर्यंत थांबा, मग निम्म्या वेगाने पुढे जा.

बरं वाटायला लागल्याच्या खुणा ठरलेल्या आहेत: मांड्यांवर बारीक थरथर, ढेकर, नाकपुडीवर घामाचे थेंब, शेण, आणि बऱ्याचदा मोठी लघवी. बाटली संपताच तिला उठवायची घाई करू नका. पायाखाली माती किंवा वाळू पसरा, अर्धा तास द्या. पुढचा दिवसभर कास पूर्ण रिकामी करायची नाही, वासरापुरतंच काढायचं. यातल्या काही गायी दुसऱ्या दिवशी पुन्हा बसतात. मालकाला ते आधीच सांगून ठेवा, म्हणजे तो घाबरणार नाही आणि उशीरही करणार नाही.

दोन-चार तासांनीही उठली नाही तर बाटल्यांवर बाटल्या लावू नका. पुन्हा पहिल्यापासून तपासा. जड गाय एकाच कुशीवर सहा तास पडली की खालच्या मांडीचा स्नायू दबून मरायला लागतो, आणि मग कॅल्शियम कितीही भरलं तरी ती उठत नाही. दर तीन-चार तासांनी कूस बदलणं, मऊ आणि पकड देणारी जमीन, समोर पाणी आणि वैरण. ही देखभाल मालकाला करून दाखवा. नुसती सांगितली तर होत नाही.

पोटफुगी

डावी भकाळी पाठीच्या वर आली असेल, जीभ बाहेर, श्वास तोंडाने, तर आधी नळी. गॅग लावा, नळीला तेल लावा, गिळण्याच्या लयीत हळूहळू सरकवा. मानेच्या डाव्या बाजूला ती पुढे जाताना बोटाला लागली पाहिजे. खोकला आला आणि नळीतून श्वासाच्या तालावर हवा यायला लागली तर ती श्वासनळीत आहे. काढून पुन्हा घाला. बरोबर गेली की पोटाचा वास येतो.

भसकन वायू सुटून पोट उतरलं तर साधी फुगी. मग अन्ननलिकेत काही अडकलं होतं का, गाय कुशीवर पडून राहिली होती का, हे शोधा. नळी आत असूनही फेस तेवढा येतो आणि पोट उतरत नाही, तर फेसाळ फुगी, म्हणजे बहुधा कोवळा द्विदल चारा किंवा बारीक दळलेलं धान्य. नळीतूनच २५० ते ५०० मिली खाद्यतेल किंवा डायमेथिकोन अथवा पोलोक्सॅलीनसारखं फेसनाशक घाला, पोट चोळा, गायीला चालवा.

ट्रोकार शेवटच्या क्षणासाठी आहे. जागा डाव्या भकाळीचा सर्वांत फुगलेला मध्यबिंदू, रोख उजव्या कोपराकडे. बारीक ट्रोकारमधून फेस निघत नाही. गाय कोसळत असेल आणि फेस अडकला असेल तर भकाळीवर तळहाताएवढी उभी चीर देऊन पोट उघडावं लागतं, जखम नंतर शिवता येते.

अडलेलं वेत

पाणमोट फुटून तासाभरात काहीच दिसत नसेल, किंवा पाय दिसून दोन तास झाले तरी प्रगती नसेल, तर हात घालून बघायची वेळ झाली. गायीचं डोकं बांधा, पण गाठ एका झटक्यात सुटणारी हवी आणि ती आडवी झाली तर गळफास बसता कामा नये. शेपटी बाजूला बांधा. मागचा भाग आणि स्वतःचे हात साबणाने धुवा, दोन बादल्या कोमट पाणी जवळ ठेवा.

आत हात गेल्यावर ओढायचं काही हाताला लागलं तरी ओढू नका. आधी हे ठरवा: मार्ग उघडलाय का, वासरू जिवंत आहे का, आणि कसं आलंय. खुरांच्या मध्ये चिमटलं की जिवंत वासरू पाय मागे घेतं. तोंडात बोट घातलं तर चोखतं. पाय पुढचे की मागचे हे सांध्यांवरून ओळखा. खुरापासून वरचे पहिले दोन सांधे एकाच दिशेला वाकत असतील तर पाय पुढचा, विरुद्ध दिशांना वाकत असतील तर मागचा. खुराचा तळ वर की खाली यावर विसंबू नका, वासरू उलटंही असू शकतं. दोन पाय लागले तर प्रत्येकावरून हात सरकवत खांद्यापर्यंत जा आणि ते एकाच वासराचे आहेत हे पाहा. शेळ्या-मेंढ्यांत ही पायरी चुकवली की दोन पिल्लांचा एकेक पाय ओढला जातो.

मार्गाच्या भिंतीला चक्राकार घड्या लागत असतील आणि हात पुढे जात नसेल तर गर्भाशयाला पीळ आहे. गायीत तो जास्त करून डावीकडे, म्हशीत उजवीकडे असतो. ज्या बाजूचा पीळ त्या कुशीवर जनावर झोपवा, पोटावर फळी ठेवून एकाने तोल सांभाळत दाब द्या, आणि पिळाच्याच दिशेने शरीर झटकन लोळवा. प्रत्येक लोळणीनंतर आत हात घालून बघा. घड्या घट्ट झाल्या तर दिशा चुकली.

मान मागे वळलेली, गुडघा दुमडलेला, किंवा फक्त शेपटी लागते: या तिन्हींत उपाय एकच. दोन कळांच्या मध्ये वासरू आत ढकलून जागा करायची, मग अवयव सरळ करायचा. दुमडलेला पाय आणताना खूर तळहाताच्या वाटीत झाकून आणा. उघडं खूर गर्भाशय फाडतं. कळांचा जोर जास्त असेल तर शेपटीच्या मुळाशी, शेपटी वर-खाली हलवताना जो पहिला खाचेचा सांधा लागतो तिथे, २ टक्के लिग्नोकेन १०० किलोला १ मिली या हिशोबाने द्या.

दोराचा पहिला फास खुराच्या वरच्या सांध्याच्या वर, दुसरा अर्धा फास त्याच सांध्याच्या खाली. नुसता एकच फास ठेवला तर सगळा जोर एका रेषेत येऊन कोवळं हाड मोडतं. ओढ कळेबरोबर, आणि दोन्ही पाय एकदम नको: एक पाय चार बोटं, मग दुसरा. त्यामुळे खांदे तिरके होऊन एकेक करून बाहेर येतात. डोकं आणि छाती आली की ओढ खाली, गायीच्या टाचांकडे. कंबर अडकली तर वासरू पाव वळसा फिरवा. दोन-तीन माणसांचा जोर ही मर्यादा. पंधरा-वीस मिनिटांत फरक पडला नाही तर सिझेरियनची तयारी करा किंवा अनुभवी सहकाऱ्याला बोलवा. तासभर ओढून मग ठरवलेल्या सिझेरियनमध्ये गाय आणि वासरू दोघांचीही शक्यता घटते. मागच्या पायांनी येणारं वासरू सुरुवातीला सावकाश आणा, पण कंबर बाहेर आल्यावर थांबू नका, कारण नाळ दबलेली असते आणि डोकं अजून आत असतं.

बाहेर आल्यावर वासरू छातीवर बसवा, नाक-तोंड पुसा, नाकपुडीत काडी फिरवा, अंग खसाखसा चोळा. उलटं टांगून ठेवू नका; त्यातून पडणारं पाणी बहुतांश पोटातलं असतं आणि आतड्यांचा भार छाती-पोटामधल्या पडद्यावर येऊन श्वास अडतो. लगेच गायीच्या आत पुन्हा हात: दुसरं वासरू, फाटलेली जागा, रक्त. नाळेला ७ टक्के आयोडीन. पहिल्या दोन तासांत वजनाच्या दहाव्या भागाइतका चीक, म्हणजे ४० किलोच्या वासराला सुमारे ४ लिटर. प्रतिकारद्रव्यं शोषून घेण्याची आतड्याची क्षमता तासागणिक घटते आणि दिवसाभरात संपते, म्हणून उद्या पाजलेला चीक त्या कामाचा राहत नाही.

वार चोवीस तासांत पडली नाही तर ती हाताने ओढून सोडवायची जुनी पद्धत सोडून द्या. गर्भाशयाचं अस्तर सोलवटतं आणि संसर्ग आत जातो. लोंबणारा भाग कापून आखूड करा, रोज ताप बघा, आणि ३९.५ च्या वर गेला किंवा खाणं सुटलं की अंगात भिनणारं प्रतिजैविक द्या.

हगवणीचं वासरू

इथे प्रतिजैविकाआधी पाणी. डोळे किंचित आत गेलेले आणि कातडीची घडी दोन-तीन सेकंद उभी राहते, तर ६ ते ८ टक्के पाणी गेलंय. ४० किलोच्या वासराला ८ टक्के म्हणजे ३.२ लिटर तूट, त्यात दिवसाची गरज किलोला ५० मिलीने २ लिटर, शिवाय जे जातंय ते वेगळं. चोखत असेल तर क्षार-साखरेचं तयार द्रावण दोन-दोन लिटर, दिवसातून दोन-तीनदा. दूध बंद करू नका. दूध आणि द्रावण यांत काही तासांचं अंतर ठेवा. चोखणं सुटलंय, तोंड गार आहे, उभं राहत नाही, तर शिरेतून, आणि बहुतेक वेळा सोबत बायकार्बोनेटही लागतं, कारण रक्त आम्लधर्मी झालेलं असतं.

स्वतःला जपायचं ते असं

गाय पाय बाजूने पुढे फिरवून मारते, घोडा सरळ मागे. म्हणून एक तर अंगाला खेटून उभं राहा किंवा पूर्ण बाहेर; मधलं अंतर सर्वांत वाईट.

लाळ गळते, गिळता येत नाही, हंबरण्याचा आवाज बदललाय, अशा जनावराच्या तोंडात "काहीतरी अडकलंय" म्हणून उघडा हात घालू नका. ते पिसाळलेलं असू शकतं. लाळ लागलीच तर साबण-पाण्याने पंधरा मिनिटं धुवा आणि त्याच दिवशी लशीसाठी जा. ज्यांचं रोजचं काम हे आहे त्यांनी प्रतिबंधक लस आधीच घेतलेली असावी.

गर्भपात झालेलं पिल्लू, वार आणि स्राव यांना मोज्यांशिवाय स्पर्श नको, ब्रुसेलोसिस हा माणसालाही होणारा रोग असाच येतो. अचानक मेलेल्या जनावराच्या नाका-गुदद्वारातून काळपट, न गोठणारं रक्त येत असेल तर काळपुळी (अँथ्रॅक्स) समजून शव उघडू नका. हवा लागली की जंतू वर्षानुवर्षं टिकणारे बीजाणू करतात. टिल्मिकोसिन या प्रतिजैविकाने भरलेली सिरिंज खिशात ठेवू नका, त्याची सुई माणसाला लागली तर हृदय थांबू शकतं. प्रोस्टाग्लँडिन (माजावर आणण्यासाठी वापरायचं संप्रेरकासारखं औषध) कातडीतून शिरतं. गर्भवती आणि दमेकरी सहकाऱ्यांनी ते हाताळू नये.

वेदनाशामक म्हणून जनावराला डायक्लोफेनॅक नको. ते दिलेलं जनावर मेलं आणि गिधाडांनी खाल्लं तर गिधाडांची मूत्रपिंडं निकामी होतात. दक्षिण आशियातली गिधाडं याच कारणाने संपत आली. मेलॉक्सिकॅम किलोला ०.५ मिलिग्रॅम तेच काम करतं आणि गिधाडांना त्रास देत नाही.

निघण्याआधी

जनावराची ओळख, ताप, औषध, मात्रा, मार्ग आणि दूध व मांस किती दिवस वापरायचं नाही, हे गोठ्यातच लिहा, गाडीत बसल्यावर नको. एक प्रत मालकाकडे. प्रतिजैविक दिलेल्या गायीच्या मागच्या पायाला रंगीत पट्टी बांधा, म्हणजे दूध काढणारा दुसरा कुणी असला तरी ते दूध इतर दुधात मिसळणार नाही. कासदाहात दुधाचा नमुना प्रतिजैविकाच्या आधी घ्यायचा: सडाचं टोक स्पिरिटने पुसून, पहिल्या धारा टाकून, निर्जंतुक बाटलीत.

मग बूट. आधी ब्रश आणि पाणी, तळाच्या खाचांतलं शेण पूर्ण निघेपर्यंत, आणि त्यानंतरच जंतुनाशक. शेण चिकटलेल्या बुटावर ओतलेलं जंतुनाशक शेणातच संपतं. थर्मामीटर आणि स्टेथोस्कोप पुसा, हातमोजे आतून बाहेर उलटून पिशवीत बांधा. वेताचे दोर घरी गेल्यावर वीस मिनिटं उकळा, पूर्ण वाळवा आणि स्वच्छ पिशवीत घालून रात्रीच पेटीत परत ठेवा, कारण पुढचा फोन पहाटेही येतो.